तारामतीचे हात

अण्णा साळुंके हे नाव आपल्याकडे एका चुटक्यापुरतं माहीत असतं. भारतीय सिनेमाची पहिली नायिका कोण? तर एक आचारी! ऐकणारा हसतो, सांगणाराही हसतो आणि विषय पुढे सरकतो. सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत तो असाच येतो, आणि दर वर्षी ३ मे, म्हणजे पहिला भारतीय चित्रपट 'राजा हरिश्चंद्र' लागला तो दिवस, जवळ आला की व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या मजकुरांतही असाच.

या माणसाने सिनेमात १८ वर्षं काढली. १९१३ ते १९३१. त्यातली पडद्यावरची कामं पाच. बाकी सगळा काळ तो कॅमेऱ्यामागे उभा होता आणि तिथून त्याने तीसेक चित्रपट टिपले. म्हणजे हिशेबाने बघायला गेलं तर अण्णा साळुंके हे मूकपटांच्या जमान्यातले मुरलेले छायालेखक. सुरुवातीच्या काळात त्यांनी थोडा अभिनयही केला, इतकंच. आपण मात्र त्यांना कायमचं साडीत बसवून टाकलं. मीही बरीच वर्षं त्यांना तेवढ्यावरच ओळखत होते, त्यामुळे हा राग फार ताणण्यात अर्थ नाही.

सुरुवात अर्थातच हरिश्चंद्राच्या राणीच्या, तारामतीच्या शोधाने. दादासाहेब फाळके १९१२ साली लंडनहून विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन आले, दादर मेन रोडवरच्या मथुरा भवनात त्यांनी बिऱ्हाड आणि कारखाना एकत्रच थाटला, आणि हरिश्चंद्राची कथा घेतली. हरिश्चंद्र मिळाला: दत्तात्रय दामोदर दाबके, रंगभूमीवरचे नट. विश्वामित्र मिळाला: गजानन साने. रोहिदास तर घरातच होता, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. तारामती मिळेना. 'इंदुप्रकाश'सारख्या पत्रांत जाहिरात दिली. नटांच्या रांगेत असले चेहरे येऊ लागले, की पुढच्या जाहिरातीत वाईट चेहऱ्यांनी येण्याची तसदी घेऊ नये अशा अर्थाचं एक वाक्य फाळक्यांना घालावं लागलं. स्त्रियांचं तर विचारूच नका. नाटकात बायका जवळजवळ नव्हत्याच, तर या हलत्या चित्रांत कुठून येणार? फाळके वेश्यावस्तीत जाऊन विचारून आले. तिथल्याही बायकांनी नाकं मुरडली. एक जण तयार झाली, काही दिवस तालमीला आली, आणि तिचा यजमान तालमीतूनच तिला घेऊन गेला. तिच्या जागी आपण असतो तर काय केलं असतं, हा विचार माझ्या मनात हमखास येतो. धंदा चालतो, पण कॅमेऱ्यापुढे उभं राहणं अब्रूला धक्का लावणारं! त्या काळी फाळके आपल्या माणसांना सांगत, की कुणी विचारलं तर आपण हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत असं सांगा. फॅक्टरी म्हटलं की कसं, सगळं सोज्ज्वळ वाटतं.

फाळक्यांनी आपल्या पत्नीला, सरस्वतीबाईंनाही विचारलं होतं. बाईंनी नकार दिला. त्यांच्या नकारात लाजेपेक्षा व्यवहार जास्त असावा असं मला वाटतं, कारण त्या घरातल्या कामांची नुसती यादी वाचली तरी दम लागतो. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक त्या करत. दिवसा उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांच्या तोंडावर प्रकाश पाडत. रात्री अंधाऱ्या खोलीत कोऱ्या फिल्मला कडेची भोकं पाडत, कारण तेव्हा फिल्म बिनभोकांची यायची. यावर आणखी राणी कधी व्हायचं?

मग ग्रँट रोड. नाटकगृहांचा, सोड्याच्या दुकानांचा, रात्री उशिरापर्यंत जागणारा भाग. तिथल्या एका हॉटेलात फाळके चहापाण्याला बसले असता एक पोरगेलासा माणूस नजरेस पडला. सडपातळ बांधा, नाजूक हात. हॉटेलात महिन्याला १० रुपये मिळत होते, फाळक्यांनी १५ देऊ केले. साळुंके आले.

हे दृश्य आता दादरच्या घरात नेऊन बघा. पुढच्या अंगणात आचारी राणीचा पोशाख करून उभा आहे, आणि घरची बाई चुलीपाशी साठ-सत्तर माणसांचा रांधा करते आहे. जो पेशाने स्वयंपाकी, त्याला त्या घरात स्वयंपाक सोडून बाकी सगळं करायचं होतं. चुटका सांगणारे नेमकी ही गोष्ट सांगत नाहीत. पुरुषाने साडी नेसली याचं आपल्याला हसू येतं. त्या साडीसाठी बाई का मिळाली नाही, आणि जी एक बाई हाताशी होती ती काय काय उपसत होती, हे काही हसण्यासारखं नाही.

मिशीची गोष्ट बाकी सगळे सांगतात. वडील हयात असताना मिशी उतरवायची नाही, ही तेव्हाची रीत. बायकांची सोंगं घेणारी पोरं अडून बसली, समजूत काढता काढता फाळक्यांच्या नाकी नऊ आले, आणि शेवटी वस्तरा फिरला. त्यावर मी अधिक लिहीत नाही. चांगली गोष्ट आहे, पण तिने साळुंक्यांची जितकी जागा खाल्ली आहे तितकी पुरे.

मला अडायला होतं ते हातांपाशी. फाळक्यांनी पाहिले ते हात. चेहरा नंतर.

माझं आजोळ सिंधुदुर्गातलं. तुळशीची लग्नं आटोपली की तिकडे जत्रांचा हंगाम सुरू होतो आणि जत्रेच्या रात्री देवळापुढे दशावतार उभा राहतो. त्यात अजूनही बायकांची कामं बाप्येच करतात. लहानपणी आम्हा पोरांचा अड्डा देवळामागच्या पडवीत, जिथे नट रंगायला बसत. आपापला पेटारा पुढ्यात, पेटाऱ्याच्या झाकणाला आरसा टेकवलेला, वर एकच पिवळा बल्ब. द्रौपदी व्हायचे ते काका दिवसा भातशेती करायचे. तोंडाला रंग लावून झाला, भुवया कोरून झाल्या, कमरेला फडकी गुंडाळून झाली की ते साडी घ्यायचे, आणि निऱ्या इतक्या चटचट घालायचे की माझ्या मामीला जमल्या नसत्या. मी एकदा विचारलं, तुम्हाला साडी नेसायला कुणी शिकवलं? ते आरशातूनच म्हणाले, "साडी काय गे चेडवा, कोणय नेसात. हात खंय ठेवचे ता कळाक होया."

पुढे मंडपात उभे राहिले की मी त्यांचे हात बघत बसे. खरोखरच, बोलताना हात वेगळे आणि ऐकताना वेगळे. पुरुषाचे हात काम नसलं की कमरेवर जातात नाहीतर मागे बांधले जातात. त्यांचा एक हात सतत पदराच्या टोकाशी चाळा करायचा आणि दुसरा पोटापाशी अर्धवट मिटलेला असायचा. मुद्दाम केलेलं वाटायचं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तेच काका बसची वाट बघत विडी ओढत उभे असत, आणि मला उगीचच चुकल्यासारखं होई.

दशावतारातल्या द्रौपदीला निदान तोंड आहे. संवाद आयत्या वेळी रचायचे, हार्मोनियम आणि मृदंग साथीला, गाणं म्हणता येतं, रडता येतं. संगीत नाटकातल्या स्त्रीपार्टी नटाची तर गोष्टच निराळी. ज्या १९१३ साली साळुंके तारामती झाले, त्याच साली नारायणराव राजहंस, म्हणजे बालगंधर्व, किर्लोस्कर नाटक मंडळीतून बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी निघाली. बालगंधर्वांची साडी, त्यांचा खोपा, त्यांचे दागिने बघून मराठी घरंदाज बायका नटायला शिकल्या, असं आपण ऐकत आलो. पण बालगंधर्व आधी गळा होते. डोळे मिटून ऐकणाऱ्यालाही 'मानापमान' नाटकातली भामिनी दिसत असे. साळुंक्यांना गळा वापरायची सोयच नव्हती. ते बोलले काय आणि न बोलले काय, पडद्यावर ओठ नुसते हलणार. पाठीमागे परंपरा नाही, नाटक कंपनीतला उस्ताद नाही. एक मुलगा हॉटेलातून उठून येतो आणि चोख दुपारच्या उन्हात एका खटखटणाऱ्या पेटीपुढे उभा राहतो. ती पेटी काय बघते आणि काय नाही हे तिथे एका फाळक्यांनाच थोडंफार ठाऊक.

पेटीचे स्वतःचे चोचलेही होते. त्या वेळची फिल्म निळ्या रंगाला हळवी, आणि लाल रंगाला जवळजवळ आंधळी. कपाळावरचं कुंकू पडद्यावर काळं ठिक्कर उमटायचं. ओठ रंगवले तर तेही काळे. सावळी त्वचा आणखी सावळी. निळं आभाळ मात्र पांढरंफटक पडायचं. म्हणजे आरशात बघून जो चेहरा राणीचा वाटला तो पडद्यावर राणीचा दिसेलच याची खात्री नाही, आणि रीळ धुऊन हातात येईपर्यंत कळायला मार्ग नाही. रंगमंचावरचा नट प्रेक्षकांच्या श्वासावरून ओळखतो की जमलं की फसलं. इथे समोर प्रेक्षक म्हणजे चादर धरून उभ्या असलेल्या सरस्वतीबाई आणि कॅमेऱ्याचा दांडा फिरवणारे त्र्यंबक तेलंग.

'राजा हरिश्चंद्र' २१ एप्रिल १९१३ रोजी ग्रँट रोडच्या ऑलिंपिया थिएटरात निवडक मंडळींना दाखवला गेला आणि ३ मे रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लोकांसाठी लागला. ऑलिंपियाही ग्रँट रोडलाच, जिथे काही महिन्यांपूर्वी साळुंके लोकांच्या पुढ्यात ताटल्या ठेवत होते. त्या हॉटेलातलं कुणी तो खेळ बघायला गेलं असेल का? मला जावंसं वाटलं असतं.

चार रिळांच्या त्या चित्रपटातली पहिली आणि शेवटची रिळं पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत. त्यातही एक मेख आहे. फाळक्यांनी हाच चित्रपट १९१७ साली 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' म्हणून पुन्हा केला, आणि उरलेली रिळं मूळची नसून या दुसऱ्या आवृत्तीची आहेत, असं काही जाणकार अभ्यासकांचं म्हणणं आहे. वाद त्यांनी घालावा. माझ्या दृष्टीने त्यात एक गंमत आहे: दोन्ही खेपेला तारामती साळुंकेच. १९१३ची असली तर ती पहिल्यांदाच कॅमेऱ्यापुढे उभी राहिलेली, बावरलेली तारामती. १९१७ची असली तर चार वर्षांत सरावलेली. एकदा हे डोक्यात बसलं की तीच चित्रं दोन तऱ्हांनी बघता येतात. मी बघितली आहेत. माझा कौल सरावलेलीच्या बाजूने आहे, पण तो पुरावा म्हणून कुणी घेऊ नये.

सुरुवातीला राजघराण्याचं चित्र येतं. राजा मुलाला धनुष्यबाण शिकवतो आहे आणि राणी शेजारी. फाळके लोणावळ्याच्या रविवर्मा छापखान्यात काम केलेले, त्यामुळे चौकट जणू भिंतीवरच्या छापील चित्रातून उठून आल्यासारखी. राणीला या प्रसंगात करण्यासारखं काही नाही. धनुष्य राजाच्या हातात, लाड मुलाचे. नुसतं तिथे असायचं. अभिनय करणाऱ्याला विचारा, नुसतं असणं किती अवघड असतं ते. त्या मानाने ज्याचा नेहमी गाजावाजा होतो तो राणी आणि दासींच्या जलक्रीडेचा प्रसंग सोपा. ओल्या साड्या, पाणी उडवणं, सगळी पोरं. त्यात लपून जाता येतं.

आता एक व्यवहाराची गोष्ट. ही रिळं इंटरनेटवर सापडतात आणि बघणारे बहुतेक जण अर्ध्या मिनिटात फिस्सकन हसून बंद करतात. माणसं तुरुतुरु चालतात, हात झटके दिल्यासारखे हलतात. यात साळुंक्यांचा काही दोष नाही. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवत. सेकंदाला दांड्याचे साधारण दोन फेरे, आणि त्यात सोळाच्या आसपास चित्रं उमटत. बोलपट आल्यावर सेकंदाला चोवीस चित्रं हा नियम झाला. सोळाच्या हिशेबाने टिपलेलं चोवीसच्या वेगाने पळवलं की जगातला कुठलाही माणूस माकड दिसतो. पुष्कळ ठिकाणी ती रिळं अशीच पळवून चढवलेली आहेत. मोबाइलवर वेग कमी करायची सोय असते, तो ०.७५ वर आणा. अगदी बरोबर नाही, पण जवळपास. आणि मग तारामतीकडे बघा. जो झटका वाटत होता तो पदर सावरणं होतं. जी मान टाकल्यासारखी वाटत होती ती मुलाकडे वळलेली नजर होती. मला माझे दशावतारी काका आठवले ते इथे. हातांना जागा सापडलेली होती.

फाळक्यांचा पुढचा चित्रपट त्याच वर्षी आला, 'मोहिनी भस्मासूर', आणि त्यात चक्क बायका होत्या. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या, त्यांची जेमतेम तेरा वर्षांची मुलगी कमला मोहिनी झाली. हीच पुढची कमलाबाई गोखले. चंद्रकांत गोखले यांची आई, विक्रम गोखले यांची आजी. इतिहासाच्या पुस्तकात इथे साळुंक्यांचा अध्याय संपायला हवा. तारामतीची गरज भागली, बाई मिळाली, आता आचाऱ्याने परत हॉटेलात जावं.

तसं झालं नाही. १९१७ साली 'लंकादहन' करताना फाळक्यांनी सीतेसाठी पुन्हा साळुंक्यांनाच उभं केलं. वर रामही त्यांनाच दिला.

का, याचं माझं उत्तर रुक्ष आहे. कामत मायलेकी नाटकमंडळीतल्या. मंडळी गावोगाव फिरणार, त्यांना धरून ठेवता येत नाही. मधल्या काळात महायुद्ध लागलं होतं, परदेशातून येणारी कच्ची फिल्म दुर्मीळ झाली होती, पैसा आटला होता. वाया घालवायला फूटभर फिल्म नाही. अशा वेळी माणूस घरच्यांकडे वळतो. साळुंके फॅक्टरीतले. कुठल्या खुणेपर्यंत चालायचं, कॅमेऱ्याकडे बघायचं नाही, दांडा फिरायला लागल्यावर किती वेळात गोष्ट उरकायची, हे सगळं त्यांच्या अंगवळणी पडलेलं. सीतेचं मन कितीही उत्तम दाखवणारी एखादी नटी त्या दिवसांत फाळक्यांना महागात पडली असती.

राम आणि सीता एकाच माणसाने करायचे म्हणजे केवढी करामत लागली असेल, असं वाटतं. भारतीय पडद्यावरची ही पहिली दुहेरी भूमिका म्हणून तिचं नावही घेतलं जातं. पण फाळक्यांचा धूर्तपणा कथा निवडण्यात आहे. लंकादहन हा मुळात विरहाचा भाग. सीता अशोकवनात, राम समुद्राच्या अलीकडे, आणि मध्ये उड्डाण करणारा हनुमान. नवराबायकोला एका चौकटीत आणायची वेळच फारशी येत नाही. कॅमेऱ्याची जी काही जादू खर्च करायची ती फाळक्यांनी हनुमानावर केली, आभाळात जाता जाता लहान होत जाणाऱ्या. तो हनुमान गणपत शिंद्यांनी केला होता.

लोकांनी काय केलं ते मात्र कुठल्याही करामतीपेक्षा मोठं. राम पडद्यावर आला की माणसं वहाणा काढून बसत. मद्रासकडे तर गल्ल्याची नाणी बैलगाडीत घालून पोलिसांच्या पहाऱ्यात न्यावी लागली, असं सांगतात. चाणाक्ष प्रेक्षकांच्या नजरेतून सीतेचे पीळदार दंड सुटले नाहीत म्हणे. चार वर्षांत हात भरले होते! तरी भक्तीत खंड नाही. रामापुढे जोडलेले हात सीता दिसली म्हणून कुणी खाली घेतल्याचं ऐकिवात नाही. आपल्याकडे रामलीलेत, दशावतारात, मेळ्यात सोंगाला नमस्कार करायची सवय पिढ्यान् पिढ्यांची. सोंगाआड कोण आहे हे गावाला माहीत असतं आणि तेवढ्या वेळापुरतं त्याचं काही वाटत नाही. सिनेमाने ती सवय फुकटात उचलली.

मला विचार करायला आवडतो तो खेळ संपल्यानंतरचा. बालगंधर्व रस्त्याने निघाले तर लोक थांबून बघत. साळुंके थिएटरबाहेर उभे असते तर कुणी ओळखलं असतं? रामाचा मुकुट नाही, सीतेचा पदर नाही. गळा तर लोकांनी ऐकलेलाच नाही. कदाचित त्यांना ते सोयीचंही वाटत असेल.

१९१८च्या पहिल्या दिवशी नाशकात हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. फाळक्यांच्या पाठीशी आता भागीदारांचा पैसा होता. भागीदार आले की हिशेब आले, हिशेब आले की भांडणं. फाळके वैतागून काशीला जाऊन बसले आणि पुढे परत आले. या सगळ्या धामधुमीत कंपनीचं काम थांबलं नाही, कारण मथुरा भवनातली पोरं आता कारागीर झाली होती. विश्वामित्र झालेले साने दिग्दर्शक झाले. हनुमान झालेले शिंदे दिग्दर्शक झाले. खुद्द हरिश्चंद्र, म्हणजे दाबके, यांनी पुढे 'राजा हरिश्चंद्र' स्वतः दिग्दर्शित केला. आणि तारामतीने कॅमेरा धरला. १९२२चा 'सत्यनारायण' आणि १९२३चा 'बुद्धदेव' यांत साळुंके पडद्यावरही आहेत आणि कॅमेऱ्यामागेही. त्यानंतर ते पडद्यावर आले नाहीत.

ही बदली त्या काळी कुणाला अजब वाटली नसणार. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतही हीच तऱ्हा. झाडू मारणारा सेट रंगवतो, सेट रंगवणारा गर्दीत भाला घेऊन उभा राहतो, संध्याकाळी तोच रीळ धुतो. नट ही वेगळी जात व्हायची होती. आजच्या भाषेत आपण म्हणू की साळुंक्यांनी 'करिअर बदललं'. त्यांच्या लेखी ते फॅक्टरीतच होते, दुसऱ्या यंत्रावर गेले.

पण यंत्र बदलणं सोपं नव्हतं. हाताने कॅमेरा फिरवणं ही एक विद्या आहे आणि ती जवळजवळ नाहीशी झाली. समोर युद्ध चाललेलं असो की कुणी मरत असो, मनगटाने आपली लय सोडायची नाही. लय वाढली तर पडद्यावर माणसं मंदावतात, कमी झाली तर धावतात. जुने लोक म्हणे मनातल्या मनात गाणं म्हणत दांडा फिरवत, ताल चुकू नये म्हणून. दुसऱ्या हाताने कॅमेऱ्याचं तोंड वळवायचं, डोळा भिंगाला, कान दिग्दर्शकाकडे, आणि ऊन ढगाआड गेलं तर भिंगाचं झाकण किती उघडायचं याचा अंदाज. ऊन मोजायचं यंत्र बहुतेकांकडे नव्हतंच. चुलीवर वर्षं काढलेल्या माणसाला मोजमापाशिवायचा अंदाज नवीन नसतो. ज्या कारणासाठी हॉटेलात त्यांना १० रुपये मिळत होते त्यातलं काहीतरी इथे उपयोगी पडलं असणार, असं माझं आपलं मत.

आणखी एक गोष्ट त्यांच्याकडे होती जी दुसऱ्या छायालेखकाकडे असणं कठीण. पेटीपुढे उभं राहिल्यावर पोटात कसा गोळा येतो, चादरीवरून उसळलेलं ऊन डोळ्यांत कसं घुसतं, कुंकू काळं दिसणार हे माहीत असताना ते लावून कसं उभं राहायचं, हे त्यांनी भोगलं होतं. समोर नवखी नटी उभी असेल, आणि १९२०नंतर त्या हळूहळू येऊ लागल्या होत्या, तेव्हा भिंगामागून तिच्याकडे बघणारा माणूस स्वतः कधीकाळी तारामती होता. तिला ते ठाऊक असेल का कुणास ठाऊक. त्याने कधी तिला सांगितलं असेल का, की हात कुठे ठेव?

त्या चित्रपटांपैकी आपल्या हाती जवळपास काही उरलेलं नाही. भारतात हजाराहून अधिक मूकपट निघाले, शिल्लक आहेत ते मूठभर, तेही तुकड्यातुकड्यांत. नायट्रेटची फिल्म दारूगोळ्यासारखी पेटते. न पेटली तर चिकटून, भुगा होऊन जाते. आणि रिळातली चांदी काढून घ्यायला भंगारवाले टपलेलेच होते. अण्णा साळुंक्यांची छायालेखनाची जवळजवळ सगळी कमाई अशी गेली. राहिले ते पडद्यावरचे काही तुकडे, म्हणूनच तर ते आपल्याला साडीत दिसतात. इतिहासाने त्यांच्यावर अन्याय केला वगैरे म्हणायची मला घाई नाही. जे जळलं नाही तेच दिसणार.

१४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' लागला आणि पडदा बोलू लागला. कॅमेऱ्याची खटखट आता चालेना, कारण ती ध्वनिमुद्रणात उतरे. कॅमेरा जाड पेटाऱ्यात कोंडला गेला. दांड्याच्या जागी मोटर आली आणि सेकंदाला चोवीस चित्रं ठरून गेली. वीसेक वर्षं लोकांनी मनगटात मुरवलेली लय एका मोसमात निकालात निघाली. साळुंक्यांच्या नावावरचं काम १९३१लाच थांबतं. हिंदुस्तान कंपनीनेही पुढे लवकरच मान टाकली.

पुढच्याच वर्षी प्रभातने 'अयोध्येचा राजा' काढला. तीच हरिश्चंद्राची कथा, आणि तारामती दुर्गा खोटे. सुखवस्तू घरातली, सेंट झेवियर्स कॉलेजात शिकलेली, बोलणारी, गाणारी. वेश्यावस्तीतही जिला कुणी हात लावायला तयार नव्हतं, त्या भूमिकेसाठी एकोणीस वर्षांत घरंदाज मुलगी आली. एवढ्या अंतरासाठी समाजाला सहसा एक शतक लागतं. दुर्गाबाईंनी त्यानंतर उदंड काम केलं आणि १९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. पहिल्या तारामतीला १५ रुपयांवर आणणाऱ्या माणसाच्या नावाचा. निव्वळ छायालेखक म्हणून हयात घालवलेल्या माणसाला मात्र तो मिळायला २००८ साल उजाडलं. व्ही. के. मूर्ती.